लाल गाडी, परका रस्ता

डोळे मिटा. घाई नाही, गाडी लागायला अजून वेळ आहे.

यवतमाळचं एसटी स्टँड मनात आणा. दुपारची वेळ. फलाटाला लाल गाडी उभी आहे, पाटीवर यवतमाळ–दारव्हा. चढा. खिडकीच्या गजाला हात लावा, उन्हानं तापलाय. धुळीचा आणि डिझेलचा वास येऊ द्या. इथंच थोडं बसा.

आता गाडी तीच ठेवा, रस्ता बदला.

बाहेर जावा बेट आहे. दुकानांच्या पाट्या वाचता येत नाहीत. हा 'बस सिम्युलेटर इंडोनेशिया', मालेओ कंपनीनं 2017 साली आणलेला मोबाइलचा खेळ. त्यातल्या बसवर हवं ते चित्र चढवता येतं, बाहेरून गाडीही आणता येते. जगातली कुठलीही झुळझुळीत गाडी चालली असती. आपल्या पोरांनी लाल परी आणली. तिकडेही वाहनं डावीकडूनच चालतात, त्यामुळे ती फारशी बावरत नाही.

त्या लाल रंगाकडे सावकाश पाहा. तो म्हणजे पत्र्यावर ताणून बसवलेलं एक सपाट चित्र. कुणीतरी रात्री जागून त्यावर देवनागरी अक्षरं नीट ओळीत बसवली. कशासाठी? उत्तर शोधू नका. प्रश्न मांडीवर राहू द्या.

रशियातल्या चाहत्यांनी याहून मोठा उद्योग केला. 'जीटीए सॅन अँड्रियास' हा 2004 चा खेळ, कॅलिफोर्नियासारख्या मुलखातला. 'क्रिमिनल रशिया' या रूपात त्यांनी तिथं लाडा गाड्या आणल्या, सोव्हिएत काळातल्या एकसारख्या पाच मजली इमारती उभ्या केल्या. ऐश्वर्य आयतं मिळालं होतं; त्यांनी आपलं कळकट आवार मांडलं. मला हे फार आवडतं.

श्वास सोडा. आता रस्ताही आपला करा. काळी जमीन, पऱ्हाटीची फुटलेली बोंडं. शकुंतला रेल्वेचे अरुंद रूळ आठवतील: यवतमाळहून दारव्ह्यावरून मूर्तिजापूरपर्यंत, 113 किलोमीटर. 1994 पर्यंत त्यांवर वाफेचं इंजिन होतं. आता ती रेल्वे धावत नाही. इथं धावू द्या, एसटीच्या बाजूनं, तिच्याच संथ चालीनं.

पुढं फाट्यावर एक म्हातारी हात दाखवतेय. थांबा नाही तिथं. तरी ब्रेक दाबा. बोचकं आधी वर घ्या. पायरी उंच आहे, तिला चढायला वेळ लागेल.