प्रज्ञेचे उष्णोदक

जपानमधील अनेक झेन मठांच्या बाहेर, रस्ता सोडून वाट मठाकडे वळते त्या ठिकाणी, एक दगडी स्तंभ उभा असतो. त्यावर सात चिनी अक्षरे कोरलेली असतात. उग्र वासाच्या भाज्यांना आणि मद्याला या पर्वतद्वारातून आत येण्यास अनुज्ञा नाही, असा त्यांचा आशय. मठ भर शहरात, सपाट भूमीवर असला तरी त्याच्या द्वाराला पर्वतद्वारच म्हणतात. उग्र भाज्या म्हणजे कांदा, लसूण आणि त्यांची भावंडे. चातुर्मासात कांदा-लसूण वर्ज्य करणाऱ्या घरात वाढलेल्या मराठी माणसाला इथपर्यंत काही परके वाटू नये. पण त्या अक्षरांमध्ये विरामचिन्हे नसतात, आणि त्याचा लाभ घेऊन विनोदी जपानी माणसे तोच मजकूर निराळा तोडून वाचतात : उग्र भाज्यांना अनुज्ञा नाही; मद्य पर्वतद्वारातून आत येते.

हा विनोद निराधार नाही. आज जपानमध्ये मार्गदर्शकासह मंदिरदर्शनाच्या ज्या सहली निघतात, त्यांतल्या काहींचा क्रम साधारण असा असतो : सकाळी मंदिराचे आवार पाहायचे, मुख्य मूर्तीपुढे नमस्कार करायचा, थोडा वेळ ध्यानाला किंवा सूत्राची प्रत उतरवायला बसायचे, मग मठाचे शाकाहारी भोजन किंवा त्या प्रदेशातला एखादा पदार्थ शिकून घ्यायचा, आणि लहानशा पेल्यांतून दोन-तीन प्रकारची साके, म्हणजे तांदळाचे मद्य, चाखायची. कोयासान या शिंगोन पंथाच्या तीर्थक्षेत्री यात्रिकांना मुक्कामाला ठेवणारी पन्नासाच्या आसपास मंदिरे आहेत; तेथे रात्रीच्या सात्त्विक ताटाबरोबर साके मागता येते. बाहेर निषेधाचा स्तंभ आणि आत भरलेला पेला ही दोन्ही एकाच धर्माची अंगे असतील, तर त्यांतले खरे कोणते, हा प्रश्न विचारी अतिथीला पडतोच.

आपल्याकडे या प्रश्नाचे उत्तर तयार असते : दंभ. संतवाङ्मयावर पोसलेल्या मराठी मनाला दांभिक ओळखण्याची इतकी सवय झाली आहे की पुष्कळदा ओळख आधी होते आणि विचार मागून येतो. येथे तो क्रम थोडा उलटा करून पाहावा, असे मला वाटते.

प्रथम हा निषेध आला कोठून ते पाहू. विनयपिटकातील कथा अशी आहे. सागत नावाच्या भिक्षूने एका भयंकर नागाला आपल्या तेजाने नमवले. त्याची कीर्ती कौशांबीला पोचली. नगरातील उपासकांनी आदराने विचारले, की आपल्याला दुर्मीळ आणि प्रिय असे काय आहे, जे आम्ही अर्पण करावे? सहा खोडकर भिक्षूंच्या टोळीने परस्पर उत्तर दिले, की स्वच्छ गाळलेले मद्य. दुसऱ्या दिवशी सागत भिक्षेला निघाला तेव्हा घरोघरी पेला सिद्ध होता. त्याने कोणालाच नाही म्हटले नाही, आणि नगराच्या वेशीतून बाहेर पडताना तो तेथेच कोसळला. ज्याने नागाला जिंकले, तो आता पाण्यातल्या किरकोळ सापाशी तरी लढू शकेल का, असे बुद्धाने इतरांना विचारले आणि नियम घातला. या कथेत मद्य कोणी चोरून प्यालेले नाही, विकलेले नाही, विलासासाठी मागितलेलेही नाही. ते भक्तीने दिले गेले आणि संकोचाने घेतले गेले. 'सागत' या पाली नावाचे संस्कृत रूप 'स्वागत' असे होते, हा योगायोग असेल. पण अर्थपूर्ण आहे. नियम जन्मला तो आतिथ्याच्या पोटी.

पुढे चीनमार्गे जपानला पोचलेल्या ब्रह्मजालसूत्राने या गोष्टीला आणखी एक वळण दिले. बोधिसत्त्वाची शीले सांगणाऱ्या या ग्रंथात दहा गुरुशीले आणि अठ्ठेचाळीस लघुशीले आहेत. मद्य पिण्याचा निषेध लघुशीलांत येतो. मद्य विकण्याचा निषेध मात्र हत्या, चोरी, असत्य यांच्या पंक्तीला, गुरुशीलांत. पिणारा स्वतःची शुद्ध घालवतो, विकणारा दुसऱ्याची, असा त्यामागचा तर्क. एवढ्यावर हा ग्रंथ थांबत नाही. जो दुसऱ्याच्या हाती मद्याचा पेला देईल तो पाचशे जन्म हातांवाचून जन्मेल, असे भयही तो घालतो. म्हणजे आपण ज्याला दोषी धरायला निघालो होतो तो पिणारा अतिथी या हिशेबात गौण ठरतो. पेला पुढे करणारा यजमान मुख्य.

आणि आता हे पाहा : स्वच्छ जपानी साकेची जन्मभूमी म्हणून जे स्थळ मिरवते, ते एक बौद्ध मंदिर आहे. नाराच्या आग्नेयेला डोंगराच्या कुशीत शोऱ्याकुजी हे मंदिर इ. स. ९९२ मध्ये स्थापन झाले. भरभराटीच्या काळात त्याच्या परिसरात शहाऐंशी उपमंदिरे होती. त्या डोंगराचे नाव बोदाइसान, म्हणजे बोधिपर्वत. आणि तेथे मुरोमाची काळात होणाऱ्या मद्याचे नाव बोदाइसेन, म्हणजे बोधीचा झरा. मठांतून मद्य का तयार होऊ लागले, याची कारणे गूढ नाहीत. मठांना जमिनींचा तांदूळ येत होता, डोंगराचे पाणी होते, हाताखाली माणसे होती आणि लिहिण्यावाचण्याची विद्या होती. देव आणि बुद्ध एकाच आवारात नांदत होते. बुद्धाला नसले तरी शेजारच्या देवाला मद्याचा नैवेद्य लागत होता. नैवेद्यापुरते सुरू झालेले काम पुढे मठाचा खर्च भागवणारे उत्पन्न झाले. धर्मसंस्थांच्या इतिहासात हा उतार ओळखीचा आहे आणि त्यासाठी जपानला जाण्याचे कारण नाही.

परंतु या उतारावरही त्या भिक्षूंनी जे केले ते निष्काळजीपणाने केले नाही, हेही सांगितले पाहिजे. कच्च्या तांदळात थोडा शिजलेला भात घालून ते पाण्यात काही दिवस भिजत ठेवायचे. पाण्याला आंबटपणा चढला की तेच पाणी वापरून, वाफवलेला तांदूळ आणि कोजी नावाची बुरशी चढवलेला तांदूळ यांचे विरजण लावायचे. त्या आंबटपणामुळे नासवणारे जंतू दूर राहतात आणि मद्य घडवणारे किण्व सुखाने वाढते. सूक्ष्म जंतूंचे शास्त्र जन्मण्यापूर्वी कित्येक शतके हे साधले गेले. नाराच्याच कोफुकुजी मंदिराशी निगडित 'तामोनइन' रोजनिशीत, सोळाव्या शतकात, मद्य टिकावे म्हणून ते तापवण्याची नोंद सापडते. पाश्चरचे प्रयोग त्यानंतर तीनशे वर्षांनी झाले. शोऱ्याकुजीची ही पद्धत मध्यंतरी लोपली होती. १९९६ मध्ये नाराच्या मद्यकारांनी एकत्र येऊन तिचा शोध आरंभला, आणि आता दर जानेवारीत मंदिराच्या आवारात ते विरजण पुन्हा लावले जाते व मद्यकार ते आपापल्या भट्ट्यांवर नेतात. २०२४ मध्ये युनेस्कोने कोजीवर आधारलेली पारंपरिक मद्यविद्या मानवतेच्या अमूर्त वारशात समाविष्ट केली. एका गुरुशीलाचा भंग अशा रीतीने जगाचा वारसा झाला, असे कोणी उपरोधाने म्हणेल. म्हणो. त्यात खोटे काही नाही.

तरीही या सर्व काळात मठांतून साकेला साके म्हणत नसत. तिचे एक वेगळे नाव होते : हान्न्यातो. 'हान्न्या' हे आपल्या 'प्रज्ञा' या शब्दाचेच चीनमार्गे गेलेले रूप, आणि 'तो' म्हणजे ऊन पाणी, काढा. प्रज्ञेचे उष्णोदक. कडाक्याच्या थंडीत औषधाला म्हणून घोटभर चालेल, अशी सवलत कोयासानच्या संस्थापकाने, कूकाईने, दिल्याची परंपरा आहे. त्या सवलतीचा हा शब्द सोयरा असावा. या नावाला मी दंभ म्हणायला कचरतो, त्याचे कारण असे. दांभिक मनुष्य नियमभंग लपवतो. हे नाव काहीही लपवत नाही. ते ऐकणाऱ्या प्रत्येकाला पेल्यात काय आहे ते ठाऊक असते. उलट, खरे नाव उच्चारता येत नाही, हेच ते प्रत्येक वेळी सांगते. नियम मोडला जात आहे आणि मोडणाऱ्याला त्याची लाज आहे, एवढी कबुली त्या थट्टेत शिल्लक राहते. बाहेरचा स्तंभ उपटून टाकला असता तर या नावाची गरजच उरली नसती. १८७२ मध्ये मेजी सरकारने भिक्षूंना मांसाहार आणि विवाह यांची मोकळीक दिली. राज्याचा निर्बंध गेला. स्तंभ मात्र कोणी हलवले नाहीत.

आजच्या सहलीत जे बदलले आहे ते येथे. पूर्वी जो शब्द हळू आवाजात उच्चारला जात असे, तो आता माहितीपत्रकावर छापलेला असतो, आणि मार्गदर्शक तो चुटका म्हणून सांगतो. पाहुणे हसतात, पेले भरले जातात. लाजेतून निघालेला शब्द कौतुकाचा होतो. मला आक्षेप पेल्याला नाही, या हसण्याला आहे. कारण या हसण्यात नियमाची आठवण उरत नाही. शब्द आता खरोखरच खोटा होतो. साके ही साकेच असते आणि प्रज्ञा हे तिचे व्यापारी नाव.

या ठिकाणी एका विशिष्ट पाहुण्याचा विचार मनात येतो. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपल्या लक्षावधी अनुयायांना ज्या बावीस प्रतिज्ञा दिल्या, त्यांत मद्य न पिण्याची एक आहे. ती प्रतिज्ञा घेतलेल्या घरातला मराठी मनुष्य आज जपानला जातो. बौद्ध देश म्हणून काहीशा आत्मीयतेने जातो. मंदिरात त्याच्यापुढे पेला येतो, आणि सोबत प्रज्ञेचा चुटका. त्याने काय करावे? हजार वर्षे ज्यांच्या घरात नियम नांदला, त्यांना त्याची थट्टा परवडते. घर जुने असले की एखादी वीट ढिली झाली तरी छप्पर पडत नाही. ज्यांच्या वाडवडिलांनी दारूने मोडलेले संसार पाहिले आणि शील हे ज्यांच्या स्वाभिमानाचा पाया म्हणून हाती आले, त्यांना ती थट्टा परवडत नाही, आणि परवडावी अशी अपेक्षाही कोणी करू नये. त्याने पेला तसाच भरलेला ठेवला तर जपानी शिष्टाचारात त्याचा अर्थ समजतो. भरलेल्या पेल्यात कोणी आणखी ओतत नाही. दोघेही बुद्धापुढेच नमस्कार करून आलेले असतात. मला त्या दोघांपैकी एकाला कमी बौद्ध ठरवता येत नाही. पण त्या ओसरीवर नियमाचे वजन कोणाला जाणवते आहे, याविषयी मात्र संशय नाही.

मद्याची गोष्ट इतकी लांबली की भोजन बाजूलाच राहिले, आणि खरे तर माझ्या मते अधिक अवघड प्रश्न त्या ताटात आहे. मठाच्या आहाराला 'शोजिन ऱ्योरी' म्हणतात. 'शोजिन' हा 'वीर्य' या संस्कृत शब्दाचा चिनी-जपानी अनुवाद. सहा पारमितांपैकी चौथी, अविरत प्रयत्नाची. म्हणजे या अन्नाचे नाव चवीवरून पडलेले नाही, मांसाच्या अभावावरूनही नाही. प्रयत्नावरून पडले आहे. तीळ खलात घोटून, कुझू नावाच्या कंदाचे सत्त्व त्यात मिसळून, हात न थांबवता ढवळत राहावे तेव्हा तिळाचा तो मऊ, थरथरता चौकोन तयार होतो, जो पाहुणा दोन घासांत संपवतो. ताटातला प्रयत्न आचाऱ्याचा. पाहुण्याच्या वाट्याला त्याची चव. मग वीर्य कोणाचे?

दोगेन हा झेन आचार्य १२२३ मध्ये चीनला गेला. तेथील अनुभव त्याने १२३७ मध्ये 'तेन्झो क्योकुन', म्हणजे मठाच्या आचाऱ्याला उपदेश, या पुस्तिकेत लिहिला. तियानतोंग मठात भर दुपारी, तापलेल्या फरशीवर, डोक्याला काही न घालता, पाठीत वाकलेला एक वृद्ध आचारी स्वयंपाकाचे जिन्नस वाळवत होता. वय अडुसष्ट. दोगेनने सुचवले, की हे काम एखाद्या सेवकाकडून का करवून घेत नाही? वृद्धाने सांगितले की दुसरा म्हणजे मी नव्हे. मग निदान ऊन उतरेपर्यंत तरी थांबावे, असे सुचवल्यावर त्याने उलट विचारले, की कोणत्या वेळेची वाट पाहू? दोगेन निरुत्तर झाला.

मार्गदर्शकासह निघालेल्या सहलीला हा वृद्ध फार अडचणीचा आहे. सहलीचे सारे सौजन्य या गृहीतावर उभे असते की दुसरा आपल्यासाठी करू शकतो : वाट शोधू शकतो, अर्थ सांगू शकतो, तीळ घोटू शकतो. म्हणूनच कदाचित ज्या सहलींत पाहुण्यांच्या हाती खलबत्ता दिला जातो त्या मला इतरांपेक्षा प्रामाणिक वाटतात, जरी तासाभराचा तो स्वयंपाक खेळासारखाच असला तरी. मनगट दुखू लागले म्हणजे ताटाचे नाव थोडे कळते. नाराच्या परिसरातले साधे पदार्थ, चहाच्या पाण्यात शिजवलेली भाताची पेज, किंवा साके गाळून उरलेल्या चोथ्यात महिनोन् महिने मुरवलेल्या भाज्या, यांत तर वाट पाहण्याखेरीज दुसरे कौशल्यही फारसे नाही. त्या भाज्यांना मद्याचा दर्प असतो, आणि त्या शाकाहारी ताटात निमूटपणे बसतात. तेथे कोणी स्तंभाची आठवण काढत नाही.

चौदाव्या शतकात केन्को नावाच्या एका भिक्षूने 'त्सुरेझुरेगुसा' या आपल्या स्फुट निबंधांच्या पुस्तकात मद्याविषयी लिहिले आहे. बळजबरीने पाजणाऱ्यांचा, झिंगून बरळणाऱ्यांचा त्याने यथेच्छ समाचार घेतला आणि हातांवाचूनच्या पाचशे जन्मांची आठवणही करून दिली. त्यानंतर त्याच निबंधात, जराही अवघडल्यावाचून, चांदण्या रात्री, बर्फाच्या सकाळी आणि बहरलेल्या फुलांखाली एकत्र बसून घेतलेला पेला किती गोड लागतो, हे त्याने सांगितले. दोन्ही भागांमध्ये त्याने एवढेच एक वाक्य घातले आहे, की मद्य असे किळसवाणे वाटत असले तरी ते टाळवत नाही असे प्रसंगही येतात.

आणि जपानी पंगतीत स्वतःचा पेला स्वतः भरण्याची रीत नाही. शेजाऱ्याने ओतायचे, मग त्याच्या हातातली सुरई आपण घ्यायची आणि त्याचा पेला भरायचा. पाहुण्याने यजमानाचा, यजमानाने पाहुण्याचा, म्हाताऱ्या भिक्षूचासुद्धा, दोन्ही हातांनी.