वळचण

1988 साली मी गोठ्याचं गवती छप्पर काढून डांबरी पत्रे घातले. दरवर्षी गवत आणायचं, पेंढ्या बांधायच्या, शाकारायचं, हे एकट्यानं होईना. लोखंडी पत्रा परवडत नव्हता. डांबरी पत्रा म्हणजे रद्दी कागदाचा लगदा डांबरात मुरवलेला. स्वस्त, हलका आणि घरच्या करवतीनं कापता येणारा.

कापायची रीत चुकतमाकत कळली. उन्हात डांबर मऊ पडतं, करवतीचे दात भरून जातात, म्हणून सकाळच्या गारव्यातच कापायचं. रेघेच्या दोन्ही अंगाला खाली फळ्या द्यायच्या, नाहीतर पत्रा वाकतो आणि कड फाटते. पातं मधूनमधून रॉकेलच्या चिंधीनं पुसायचं. खिळा उंचवट्यावर ठोकायचा. खोलगट भागातून पाणी वाहतं.

एवढं जमलं. नडलं ते दुसरंच. पत्रा उतारापेक्षा हातभर लांब भरला. तो कापायचा, की वळचणीला तसाच बाहेर ठेवायचा? ठेवला तर माझी मातीची भिंत कोरडी राहणार होती. पण वळचणीखालची जागा चुलतभावाची.

तो म्हणाला, "दादा, गवताचं पाणी ठिबकत व्हतं, ते चाललं. ह्ये धारंनं पडणार. माझी भिंत बी मातीचीच हाय."

मी तालुक्याला जाऊन वकिलाला विचारलं. वाटणी 1964 सालची, तेव्हापासून आमचं पाणी तिकडंच पडत होतं. वकिलानं 1882 च्या कायद्यातल्या दोन गोष्टी सांगितल्या. 20 वर्षं उघडपणे, बिनतक्रार, हक्कानं पाणी पडत आलं असेल तर तो हक्क ठरतो. आणि दुसरी, त्या हक्कापायी समोरच्यावरचं ओझं वाढवता येत नाही. मी त्यातली पहिलीच घरी आणली. दुसरी एस.टी.तच विसरलो म्हणा ना.

श्रावणात एका रात्री त्याच्या भिंतीचा कोपरा ढासळला. आत कणगी होती, खायचं भात भिजलं. तो भांडायला आला नाही. सकाळी नवराबायको चिखल उपसत होती आणि मी गोठ्यात शेण भरत होतो. मान वर काढवत नव्हती. आई एवढंच म्हणाली, "पाऊस देवाचा, वळचण तुझी."

पुढच्या वैशाखात आणखी एक गोष्ट दिसली. ज्या हातभर पत्र्यासाठी मी वकील गाठला, त्याला खालून वाशाचा आधार नव्हता. तो उन्हानं मऊ पडून लोंबला होता. मी करवत घेतली आणि कापून टाकला. वळचणीला पत्र्याची पन्हळ लावली, पाणी माझ्याच परसात वळवलं. पन्हळीला खर्च आला तो वकिलाच्या फीपेक्षा कमी. म्हणजे वाट आधीपासून होती. मला पाणी वळवायचं नव्हतं, जिंकायचं होतं.

भाताचं एक पोतं त्याच्याकडं पाठवलं. त्यानं ठेवून घेतलं. बोलायला मात्र दोन वर्षं लागली.

तेव्हापासून मनात घोळतंय. हक्क खरा असला म्हणून तो सगळाच्या सगळा वापरलाच पाहिजे का? कायदा कुठवर जाता येतं ते सांगतो. कुठं थांबायचं ते ज्याचं त्यानं बघायचं. बांध कोरणारा चोर, हे आम्ही पोरांना शिकवतो. पण कागदाच्या जोरावर दुसऱ्याची भिंत भिजवणाऱ्याला काय म्हणायचं, ते कुणी शिकवत नाही. मी तर स्वतःला सरळ माणूस समजत होतो.

ते डांबरी पत्रे कधीच गेले. गेल्या वर्षी त्या भावाच्या मुलानं स्लॅबचं घर बांधलं. माळवदावरच्या पाण्याचा पाइप बसवायच्या आधी तो माझ्याकडं आला. "नाना, पाणी कुठं सोडू?"

जागा त्याची, घर त्याचं. न विचारता चाललं असतं. मी त्याच्या बापाला विचारलं नव्हतं.