निर्दोषत्व आणि गेलेली वर्षे

फौजदारी न्यायालयाने निर्दोष ठरविले म्हणजे बडतर्फ कर्मचारी आपोआप नोकरीवर परत येतो, असा समज आपल्याकडे रूढ आहे. कायदा मात्र दोन मापे वापरतो. खटल्यात गुन्हा निःसंशय सिद्ध व्हावा लागतो. खातेनिहाय चौकशीत संभाव्यतेचा कल पुरतो. म्हणून तेथे सुटलेला येथे दोषी राहू शकतो, आणि त्यात विसंगती नाही.

प्रश्न उभा राहतो तो दोन्हीकडे आरोप व पुरावा एकच असताना. आपल्या गुजरातचेच उदाहरण घेऊ. जी. एम. टांक १९५३ साली राज्याच्या सेवेत आले, १९७९ मध्ये निलंबित व १९८२ मध्ये बेहिशेबी मालमत्तेच्या आरोपावरून बडतर्फ झाले. न्यायालयाने त्यांना निर्दोष सोडले ते २००२ मध्ये. निवृत्तीचे वय तर १९८६ मध्येच उलटले होते. २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फी रद्द करून निवृत्तिवेतन दिले, मागील पगार मात्र नाकारला. कारण असे, की निर्दोष सुटेपर्यंत बडतर्फी चुकीची मानण्यास आधार नव्हता.

हा तर्क मान्य केला तरी नीतीचा प्रश्न उरतोच. चूक कोणाचीच नसली, तरी हानी कोणाला तरी सोसावी लागते. येथे मालकही शासन आणि फिर्यादीही शासनच. दोघांत समर्थ तेच. तेव्हा पुरावा एकच असेल, तर सेवेच्या उरलेल्या काळाचा पगार देण्याची तरतूद सेवानियमांतच असावी, असे शासकीय सेवेत आयुष्य घालविलेल्या मला वाटते.