चित्राची किंमत, माणसाची किंमत

देवणीचा बैल बाजारात उभा राहिला की गिऱ्हाईक दात बघतं, वशिंड बघतं, पैसे मोजतं. त्याला लहानाचा मोठा करणाऱ्या सालगड्याचं नाव कुणी विचारत नाही. चित्रांच्या बाजारातही असंच असतं काय? पैसेवाला कलेला आश्रय देतो म्हणजे नेमकं काय देतो?

इमॅन्युएल श्लेसिंगर हा व्हिएन्नाचा ज्यू. १९३८ साली हिटलरनं ऑस्ट्रिया गिळला आणि ज्यू आईबापाच्या पोटी जन्मणं हाच गुन्हा ठरला. तो मुंबईला आला. औषधांच्या धंद्यात पैसा कमावला आणि ज्यांना कुणी विचारत नव्हतं अशा नव्या चित्रकारांची चित्रं विकत घेऊ लागला.

त्यातला एक के. एच. आरा. सिकंदराबादजवळच्या बोलारमचा, म्हणजे आपल्याच जुन्या निजामी मुलखातला. लहानपणी पळून मुंबईला आला. मोटारी धुतल्या, साहेबाच्या घरी गडी म्हणून राबला. मिठाच्या सत्याग्रहात तुरुंगात गेला. जर्मनीहून आलेल्या रुडी फॉन लायडेन या समीक्षकाची नजर त्याच्या चित्रांवर पडली. १९४२ साली पहिलं प्रदर्शन झालं. १९४७ च्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपमध्ये हुसेन, रझा, सुझा यांच्या बरोबरीनं तो उभा होता.

जन्मामुळं हाकलला गेलेला माणूस घरगड्याच्या चित्राचे दाम मोजतो, ही गोष्ट मोठीच आहे. भीक घालणारा आपलं मोठेपण मिरवतो. दाम देणारा समोरच्याचे कष्ट मानतो. पण दोस्तांनो, लायडेनची नजर पडलीच नसती तर? आरा मोटारीच पुसत राहिला असता. अशी किती बोटं मोटारी पुसतापुसताच झिजली असतील!

राजा रविवर्म्याकडून चित्रं करून घेणारे सयाजीराव गायकवाड आठवा. १९१३ साली त्यांच्या शिष्यवृत्तीवर बाबासाहेब कोलंबियाला गेले. १९१७ साली त्यांच्याच बडोद्यात नोकरीला आले, तर राहायला खोली मिळेना! राजाची दानत खरी होती. पण दानतीनं शहराचे दरवाजे उघडत नसतात.

म्हणून आश्रयदात्याचे आभार जरूर मानावेत, त्याच्यापुढं वाकू मात्र नये. आपल्या वस्तीतलं पोरगं आज कोळशानं भिंतीवर चित्र काढतंय. त्याला कागद, रंग, शाळा कुणाच्या मर्जीनं का मिळावी? ती हक्कानंच मिळाली पाहिजे. तोवर कुणा श्लेसिंगरची वाट बघत बसायचं काय?