श्रेय कुणाचं, हे तपासा

वह्या मिटा आणि इकडे बघा. ‘शास्त्रज्ञ व त्यांचे कार्य’ या तक्त्यात अख्ख्या वर्गाने एकच वाक्य उतरवलंय: ‘लॉकयर यांनी १८६८ साली विजयदुर्गावरून हेलियम शोधला.’ एकालाही शंका आली नाही? त्या वर्षी १८ ऑगस्टला खग्रास ग्रहण लागलं, तेव्हा लॉकयर इंग्लंडात होते. विजयदुर्गावर ते आले जानेवारी १८९८ मध्ये, वेगळ्याच ग्रहणासाठी. विजयदुर्गाला सहलीला गेलात, तिथल्या साहेबाच्या कट्ट्यावर फोटो काढलेत आणि कानावर पडलं ते लिहून मोकळे झालात!

१८६८ च्या ग्रहणाला आपल्या देशात आला होता प्येर जान्सेन नावाचा फ्रेंच माणूस. गुंटूरला. सूर्याच्या कडेला उसळणाऱ्या ज्वाळांचा वर्णपट त्याने पाहिला. रेषा इतक्या तेजस्वी, की ग्रहण नसतानाही त्या दिसतील हे त्याने तिथेच ताडलं आणि दुसऱ्या दिवशी उघड्या सूर्यावर पाहून खरं केलं. लॉकयरनी तीच युक्ती ऑक्टोबरात स्वतंत्रपणे साधली. त्या वर्णपटातली पिवळी रेषा सोडियमची नव्हे, नव्या मूलद्रव्याची, म्हणजे हेलियमची, हा विचार लॉकयरचा. तोही कुणी लिहिला नाही. पृथ्वीवर हेलियम हाती लागला १८९५ मध्ये, रॅम्झी यांना. फ्रेंच सरकारने पदक काढलं, त्यावर जान्सेन आणि लॉकयर दोघांचे चेहरे आहेत. तुम्ही एक पुसून टाकलात.

१८७० मध्ये पॅरिसला शत्रूचा वेढा पडला होता. हा जान्सेन बलूनमधून वेढ्याबाहेर पडला, ग्रहण गाठायला अल्जीरियात पोचला, आणि तिथे ढग आले. असा माणूस तुमच्या तक्त्यात नाही, याचा मला संताप येतो.

तळा गावचे आहात ना? कुड्याची लेणी जवळ आहेत. तिथे माळ्याच्या, वैद्याच्या घरच्यांनी दिलेल्या दानाची नोंद नावानिशी ब्राह्मीत कोरली आहे, आजही वाचता येते. कुणी ती खरवडून दुसऱ्याचं नाव घातलं तर तुम्ही गप्प बसाल?

बाकीच्या ओळीही तशाच. ‘ब्रेल: अंधांची लिपी.’ झालं? लुई ब्रेल स्वतः अंध होता, आणि लिपी बसवली तेव्हा तुमच्याच वयाचा, पंधरा वर्षांचा होता. ‘मारी क्यूरी: फ्रेंच.’ वॉर्सात जन्मलेली ती मुलगी पॅरिसला शिकायला का गेली, हे कोण लिहिणार? तिच्या देशात विद्यापीठाचं दार मुलींना बंद होतं.

तक्ता रद्द. उद्या पहिल्या तासाला प्रत्येकाने एकच नाव आणायचं: कुठे, कोणत्या साली, नेमकं काय केलं, सोबत कोण होतं. पाठ्यपुस्तकाखेरीज आणखी एका पुस्तकात ताडून बघायचं, आणि त्या पुस्तकाचं नाव खाली लिहायचं.