न निवडलेल्याचा कर्ता

लिनक्सच्या ग्नोम डेस्कटॉपवरचे कितीतरी प्रोग्राम आपली सेटिंग्ज जीसेटिंग्ज या 2010 साली आलेल्या सामायिक लायब्ररीमार्फत वाचतात. त्यामागच्या डीकॉन्फ नावाच्या साठ्यात सहसा मुद्दाम बदललेलीच मूल्ये उतरतात. बाकीची सेटिंग्ज प्रोग्रामसोबतच्या स्कीमा-फाइलमधल्या मूळ मूल्यांवर चालतात. म्हणजे आपण काहीच ठरवले नाही, तिथेही कुणीतरी ठरवलेले असतेच. मग त्या निर्णयाचा कर्ता कोण? गीतेचा चौथा अध्याय अकर्मातही कर्म पाहायला सांगतो, तेव्हा गप्प राहणाराही कर्ताच, असे कुणी म्हणेल. मला हे पटत नाही. पर्याय आहे हेच ज्याला ठाऊक नाही, त्याचे मौन संमती कसे ठरेल? कर्तृत्वाला जाणीव लागते, आणि ती मूल्य लिहिणाऱ्यापाशी होती. वापरणाऱ्याला बदलाची मुभा आहे, हे खरे. पण मुभा दिल्याने जबाबदारी सुटत नाही. खासगीपणा उघडा पाडणारे सेटिंग जो आधीच चालू ठेवतो, तोच त्या परिणामाचा कर्ता आहे.