प्लेग, वसाहतसत्ता आणि ‘एतद्देशीय’ शरीर

डेव्हिड आर्नल्ड यांच्या ‘कलोनायझिंग द बॉडी’ (1993) या ग्रंथाने वसाहतकालीन वैद्यकाकडे उपकारकथा म्हणून पाहण्याच्या सवयीला जबर धक्का दिला. एतद्देशीयांचे शरीर हेच वसाहतसत्तेचे एक कार्यक्षेत्र होते, असे त्यांचे प्रतिपादन आहे. आणि 1896 साली मुंबईत उद्भवलेला प्लेग हे त्याचे ठळक उदाहरण. 1897 चा साथरोग कायदा, पुण्यात रँडच्या अमलाखाली गोऱ्या सोजिरांनी घेतलेल्या घरझडत्या, रुग्णांची सक्तीची रवानगी, 22 जूनचा गोळीबार हा घटनाक्रम मराठी वाचकाला पाठ आहे. त्या विरोधामागे निव्वळ अज्ञान नव्हते. शरीरावर आक्रमण होत असल्याची जाणीव होती, हा अन्वयार्थ मात्र नवा होता.

तो मान्य केला तरी प्रश्न उरतो : हे शरीर कोणाचे? जातिभेदाची दखल आर्नल्ड घेतात, नाही असे नाही. पण त्यांच्या विवेचनात जात मुख्यतः स्पर्शाला हरकत घेणाऱ्यांच्या बाजूने बोलते. ज्यांच्या स्पर्शालाच इतरांची हरकत होती, त्यांचे काय? मुंढव्याच्या अस्पृश्य वस्तीतील प्लेगग्रस्त मुलाला सावित्रीबाई फुले यांनी पाठीवर घेऊन यशवंतच्या दवाखान्यात पोचविले. त्याच साथीत 10 मार्च 1897 रोजी त्यांचे निधन झाले. यशवंत पाश्चात्त्य वैद्यक शिकलेला डॉक्टर होता. त्या मुलाच्या दृष्टीने हे वैद्यक परके, की त्याला शिवू न देणारा गाव परका?

याचा अर्थ सत्तेला निर्दोष ठरवावे असा नव्हे. हाफकिन यांनी 10 जानेवारी 1897 रोजी प्लेगची लस प्रथम स्वतःला टोचून घेतली, हे त्यांच्या धैर्याचे द्योतक. परंतु त्यानंतरची चाचणी भायखळ्याच्या तुरुंगातील कैद्यांवर झाली. कैदी स्वेच्छेने पुढे आले, असे सांगितले जाते. तुरुंगात ‘स्वेच्छा’ या शब्दाला कितपत अर्थ असतो, हा प्रश्न लस गुणकारी ठरल्याने सुटत नाही.

या दोन बाबी वेगळ्या ठेवण्याचा विवेक खुद्द त्या काळात अगदीच दुर्मीळ नव्हता. पंडिता रमाबाईंनी 1897 मध्येच पुण्याच्या प्लेग रुग्णालयातील स्त्रियांच्या असुरक्षिततेविषयी वृत्तपत्रातून जाहीर तक्रार केली. त्यांचा आक्षेप औषधाला नव्हता, व्यवस्थेला होता. आणि तो करणारी स्त्री राज्यकर्त्यांच्याच धर्माची होती.